मालेगावचा सिनेमा

नाशिक जिल्ह्यात मोसम नदीच्या काठी वसलेले मालेगाव हे यंत्रमागांचे शहर. मागांचा खडखडाट आठवडाभर चालू असतो आणि शुक्रवारी तो थांबतो. सुट्टीच्या या दिवशी सिनेमा पाहायचा, हा येथील कामगारांचा जुना शिरस्ता. त्याच प्रेक्षकांच्या भरवशावर, व्हिडिओ पार्लर चालवणाऱ्या नासिर शेख यांनी २००० सालच्या सुमारास 'मालेगाव के शोले' हा चित्रपट केला. त्याचा खर्च सुमारे ५०,००० रुपये होता.

गाजलेल्या चित्रपटांवर बेतलेल्या मालेगावच्या अशा चित्रपटांना नक्कल म्हणून निकालात काढणे सोपे आहे. परंतु मूळ कथा प्रेक्षकांना तोंडपाठ असल्यामुळेच, तिच्यात काय बदलले आहे याकडे त्यांचे लक्ष लागलेले असते. येथे डाकू घोड्यांऐवजी सायकलींवरून येतात आणि आगगाडीऐवजी बसवर दरोडा पडतो. घोडे आणि गाडी परवडत नव्हती हे खरेच, पण हशा पिकतो तो नेमका तिथेच.

फैजा अहमद खान यांच्या 'सुपरमेन ऑफ मालेगाव' या माहितीपटात, सुपरमॅनवरचा चित्रपट करताना या मंडळींची कामाची पद्धत जवळून दिसते. कॅमेरामनला सायकलवर बसवून सायकल ढकलली, की ट्रॉली तयार होते. क्रेनचे काम बैलगाडी करते. सुपरमॅनला उडवण्यासाठी ट्रकच्या एका बाजूला हिरवे कापड (ज्याच्या जागी नंतर संगणकावर दुसरे दृश्य बसवता येते) ताणून बांधले जाते आणि त्याच्यासमोर शफीक शेख हा किडकिडीत नायक हात पुढे करून आडवा होतो. त्याच्या चड्डीची नाडी बाहेर लोंबत असते. हा शफीक एरवी यंत्रमागावर काम करणारा कामगार. चित्रीकरण चालू असताना कॅमेरा पाण्यात पडतो, तेव्हा हसता हसता आपणही गंभीर होतो, कारण बदली कॅमेरा हाताशी नसतो. शफीकचे पुढे कर्करोगाने निधन झाले.

या धंद्याचे गणित पार्लरच्या तिकिटांवर आणि नंतर सीडींच्या विक्रीवर चालत असे. मोबाईल हातोहाती पोहोचल्यावर ते बसेनासे झाले. नासिर आणि त्यांच्या मित्रांच्या आयुष्यावर रीमा कागती यांनी काढलेला 'सुपरबॉईज ऑफ मालेगाव' हा हिंदी चित्रपट २०२५ मध्ये चित्रपटगृहांत लागला. मालेगावात मात्र पार्लरची जागा यूट्यूबने घेतली असून, खानदेशी लहेजातील विनोदी फिती आता तेथूनच प्रेक्षकांपर्यंत जातात.