ऐकू येत होते, बोलता येत नव्हते

श्रोतेहो, नमस्कार.

आजच्या भाषणाचा विषय आहे चे गेव्हारा, क्यूबाच्या क्रांतीत लढलेले अर्जेंटिनाचे डॉक्टर. हे नाव मराठीत घेताना सुरुवातीलाच एक गंमत होते. 'चे' हा आपल्याकडे षष्ठीचा प्रत्यय असल्यामुळे तो एकटा कानावर पडला की आधीचा शब्द ऐकायचा राहिला की काय, असे वाटते. अर्जेंटिनात मात्र ती समोरच्याचे लक्ष वेधून घेण्याची हाक आहे, आपल्या 'अहो' किंवा 'काय रे'सारखी. एर्नेस्तो गेव्हारा बोलताना ती सारखी वापरत, म्हणून क्यूबाच्या सोबत्यांनी तेच त्यांचे नाव करून टाकले.

आपण रेडिओवर भेटतो आहोत, तेव्हा त्यांच्या जन्मापासून सुरुवात न करता एका रेडिओ केंद्रापासून करतो. २४ फेब्रुवारी १९५८ रोजी क्यूबाच्या सिएरा माएस्त्रा डोंगरांत, हुकूमशहा बातिस्ता यांच्या सैन्याच्या नाकावर टिच्चून, 'रेडिओ रेबेल्दे' म्हणजे बंडखोरांचा रेडिओ सुरू झाला, आणि तो उभा करण्याची सगळी खटपट गेव्हारांची होती. यंत्र इतके दुबळे होते की पहिल्या प्रसारणांना, त्यांनीच पुढे लिहून ठेवल्याप्रमाणे, दोनच श्रोते लाभले: समोरच्या टेकडीवर झोपडी असलेला पेलेंचो नावाचा शेतकरी आणि त्या वेळी तळावर आलेले बंडखोरांचे नेते फिडेल कॅस्ट्रो. काही महिन्यांतच हा आवाज क्यूबाभर ऐकला जाऊ लागला. तरीही मला मोल वाटते ते त्या पेलेंचोचे. समोरच्या टेकडीवर आपले ऐकून घेणारा शेतकरी असावा, ही गनिमी युद्धाची पहिली अट आहे, आणि गेव्हारांचे यश व पुढचे अपयश या दोहोंचे मर्म तिथेच आहे.

जन्म १४ जून १९२८ चा, रोसारियो शहरातला. दोन वर्षांचे असतानाच दमा जडला आणि तो जन्मभर सोबत राहिला. बुएनोस आइरेसमध्ये वैद्यकीचे शिक्षण घेत असताना, १९५२ साली, ते आल्बेर्तो ग्रानादो या मित्राबरोबर एका जुन्या नॉर्टन मोटारसायकलवरून दक्षिण अमेरिका पाहायला निघाले. मोटारसायकलने चिलीतच राम म्हटला. मग मिळेल त्या मालट्रकने आणि पायी प्रवास करत ते पेरूतल्या सान पाब्लो येथील कुष्ठरोग्यांच्या वसाहतीपर्यंत पोचले. १९५३ साली पदवी मिळाली. १९५४ साली ग्वातेमालात, अमेरिकी फळकंपनीची पडीक जमीन भूमिहीनांना वाटू पाहणारे निवडून आलेले सरकार अमेरिकेच्या गुप्तहेर यंत्रणेने उलथवले, तेव्हा ते तिथेच होते. शस्त्रावाचून सुधारणा टिकत नाही, हे मत त्यांनी तिथून उचलले आणि पुढच्याच वर्षी मेक्सिकोत त्यांची कॅस्ट्रोंशी गाठ पडली.

'ग्रान्मा' नावाच्या बोटीतून ८२ जण २ डिसेंबर १९५६ रोजी क्यूबाच्या किनाऱ्यावर उतरले. तिसऱ्या दिवशी सैन्याने त्यांना गाठले. गेव्हारा या तुकडीचे डॉक्टर होते. गोळीबारातून पळताना त्यांच्यासमोर औषधांची पेटी आणि काडतुसांची पेटी अशा दोन पेट्या होत्या, दोन्ही उचलणे शक्य नव्हते, आणि त्यांनी काडतुसांची उचलली. त्यांच्या चरित्राला वळण देणारा क्षण म्हणून ही गोष्ट फार सांगितली जाते आणि ती त्यांनी स्वतःच सांगितलेली असल्यामुळे थोडी घासूनपुसून आलेली असणार. पण पुढचा माणूस तिच्याशी जुळतो, हेही खरे.

दोन वर्षांनी त्यांच्या तुकडीने सांता क्लारा शहर जिंकले आणि सैन्याची चिलखती आगगाडी रुळांवरून घसरवली. १ जानेवारी १९५९ रोजी बातिस्ता पळाले. त्यानंतर हवानाच्या ला काबान्या किल्ल्यात, गेव्हारांच्या अधिकारात, जुन्या राजवटीतल्या अनेकांना झटपट खटले चालवून गोळ्या घालण्यात आल्या. त्यांच्यावर प्रेम करणारे लोक हे पान घाईने उलटतात. मला ते योग्य वाटत नाही. त्याच वर्षी जुलैच्या आरंभी ते क्यूबाचे शिष्टमंडळ घेऊन दिल्लीला आले होते, पंडित नेहरूंना भेटले होते आणि आकाशवाणीसाठी के. पी. भानुमती यांनी त्यांची मुलाखत घेतली होती, हे आपल्यापैकी अनेकांना ठाऊक नसेल. पुढे ते राष्ट्रीय बँकेचे अध्यक्ष झाले आणि नोटांवर नुसते 'चे' अशी सही करू लागले. नंतर उद्योगमंत्रिपद आले. ते सोडून १९६५ साली ते काँगोत लढायला गेले आणि सात महिन्यांत हात हलवत परतले.

आता बोलिव्हिया, जिथे त्यांनी आपले शेवटचे गनिमी युद्ध मांडले. आपल्या भाषेत 'गनिमी कावा' हा शब्द आयता आहे. गनीम म्हणजे शत्रू. मोगल मराठ्यांना गनीम म्हणत आणि आपण त्यांचेच दूषण भूषण म्हणून मिरवतो. पण शिवाजी महाराजांचे मावळे ज्या खोऱ्यांत लढले ती त्यांची घरची खोरी होती. तिथली पाऊलवाट किंवा पाण्याचा झरा त्यांना कुणी दाखवावा लागत नव्हता. गेव्हारा १९६६ च्या नोव्हेंबरात डोक्याचे केस काढून, उरुग्वेचे व्यापारी बनून, खोट्या नावाने ला पाझला उतरले. न्यांकावासूच्या रानात तळ पडला. माणसे पन्नासच्या आसपास आणि त्यांतले कितीतरी क्यूबातून आलेले. स्थानिकांशी बोलता यावे म्हणून त्यांनी केचुआ भाषेचे धडे गिरवले, तर त्या भागातले लोक बोलत होते ग्वारानी. देशात १९५३ सालीच जमीनवाटप झालेले असल्याने शेतकऱ्याच्या हाती थोडीफार जमीन होती, आणि अध्यक्ष बारियेंतोस अस्खलित केचुआ बोलून खेड्यांत टाळ्या घेत होते. जिथले सरकार कोणत्याही प्रकारे का होईना, लोकांच्या मतांवर आले आहे तिथे गनिमी युद्ध पेटत नाही, असे गेव्हारांनीच १९६० साली आपल्या पुस्तकात लिहिले होते. बारियेंतोस १९६६ च्या जुलैत निवडून आले होते. अकरा महिन्यांत एकही शेतकरी त्यांना येऊन मिळाला नाही. दर महिन्याच्या अखेरीस रोजनिशीत तीच नोंद: शेतकरी येत नाहीत, संपर्क नाही.

संपर्काची कथा तर आणखी विलक्षण आहे. हवानाहून येणारे संदेश त्यांना रेडिओवर ऐकू येत होते, पण उत्तर पाठवण्याची सोय उरली नव्हती. सिएरा माएस्त्रात स्वतःचे केंद्र उभारणारा माणूस आता नुसता श्रोता झाला होता. १४ ऑगस्ट १९६७ च्या रात्री बातम्यांतूनच त्यांना कळले की ज्या गुहेत दम्याचे औषध लपवले होते ती सैन्याने हुडकून काढली. आता हा दमा किती काळ सोसावा लागेल याला सुमार नाही, असे त्यांनी त्या दिवशी लिहिले. त्याच महिन्याच्या अखेरीस त्यांच्यापासून तुटलेली दुसरी तुकडी नदी ओलांडताना जवळजवळ सगळीच्या सगळी मारली गेली.

रोजनिशीतली शेवटची नोंद ७ ऑक्टोबरची आहे. एक म्हातारी शेळ्या चारत ते लपले होते त्याच घळीत आली, म्हणून तिला धरून ठेवावे लागले. सैनिक कुठे आहेत हे तिला माहीत नव्हते, किंवा सांगायचे नव्हते. संध्याकाळी तिघे तिच्या घरी गेले. घरात एक मुलगी अंथरुणाला खिळलेली, दुसरी ठेंगणी. कुणाला काही सांगू नकोस म्हणून म्हातारीच्या हातावर ५० पेसो ठेवले, पण ती गप्प राहील अशी आशा फारशी नाही, असेही नोंदवले. मग ते १७ जण बारीकशा चांदण्यात पुढे निघाले. हातातल्या साध्या रेडिओवर सैन्य सांगत होते की वेढ्यात ३७ जण सापडले आहेत.

दुसऱ्या दिवशी, एका शेतकऱ्याने दिलेल्या खबरीवरून, कॅप्टन गारी प्रादो यांच्या रेंजर तुकडीने त्यांना एका घळीत कोंडले. हे सैनिक अमेरिकी प्रशिक्षकांनी काही महिन्यांत तयार केले होते. पायात गोळी लागलेली आणि बंदूक निकामी झालेली, अशा अवस्थेत गेव्हारा पकडले गेले. ला इगेरा गावच्या मातीच्या शाळेत रात्र काढल्यावर ९ ऑक्टोबरला ला पाझहून हुकूम आला आणि सार्जंट मारियो तेरान यांनी त्यांना गोळ्या घातल्या. ते चकमकीत मेले असे भासवायचे असल्याने चेहऱ्यावर गोळी मारू नये, अशी सूचना होती. वय ३९.

मारणाऱ्यांची चूक त्यानंतरची आहे. मृतदेह हेलिकॉप्टरला बांधून वाय्येग्रांदेला नेला आणि इस्पितळाच्या धुणी धुण्याच्या ओट्यावर पत्रकारांसाठी मांडला. डोळे उघडे होते. खात्री पटावी म्हणून काढू दिलेली ती छायाचित्रे येशूच्या चित्रासारखी दिसली. नंतर ओळखीसाठी हात कापून ठेवले आणि देह धावपट्टीजवळ गुपचूप पुरला. हात नसलेला सांगाडा १९९७ साली सापडला आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात सांता क्लाराला गेला. बाजाराने मात्र निराळे, जिवंतपणीचे चित्र उचलले: ५ मार्च १९६० रोजी आल्बेर्तो कोर्दा यांनी हवानात टिपलेले. ते आज पुण्यातल्या पदपथावरही टी-शर्टवर मिळते. घेणाऱ्याला काडतुसांची पेटी ठाऊक असते असे नाही, आणि ला काबान्याही नाही.

ज्या ला इगेरात त्यांना एकही माणूस येऊन मिळाला नाही, तिथले लोक आता त्यांना 'सान एर्नेस्तो' म्हणतात, संत एर्नेस्तो. त्यांच्या तसबिरीपुढे मेणबत्ती लावतात आणि हरवलेले जनावर परत मिळावे म्हणून त्यांना साकडे घालतात.