नावावर जाऊ नका: शेअर्ड लायब्ररी फाइल ओळखायची कशी

[पडद्यावर: टर्मिनल. लिनक्सच्या लायब्ररी फोल्डरमधली यादी सरकत जाते.]

नावाच्या शेवटी डॉट एसओ दिसलं, की ती फाइल शेअर्ड लायब्ररी, म्हणजे अनेक प्रोग्राम मिळून वापरतात असा कोड, असं आपण धरून चालतो. बहुतेकदा ते खरंही असतं. पण एखादा प्रोग्राम सुरूच होत नाही, तेव्हा नावावरून बांधलेला अंदाज कामाला येत नाही. फाइल आतून बघावी लागते. सुरुवातीचे फक्त २० बाइट वाचले तरी बरंच कळतं.

[पडद्यावर: हेक्स डंपची पहिली ओळ, एकेक बाइट उजळत जातो.]

पहिले ४ बाइट पाहा: ७एफ, ४५, ४सी, ४६. शेवटचे ३ म्हणजे ई, एल, एफ ही अक्षरं. हे चार जुळले नाहीत, तर ती ईएलएफ, म्हणजे लिनक्सच्या प्रोग्राम आणि लायब्ररींच्या स्वरूपातली, फाइल नाही, नाव काहीही असो. पाचवा बाइट १ असेल तर फाइल ३२ बिटची, २ असेल तर ६४ बिटची. सहावा बाइट बाइटांचा क्रम सांगतो. सतरावा आणि अठरावा मिळून फाइलचा प्रकार ठरतो: १ म्हणजे ऑब्जेक्ट फाइल, २ म्हणजे ठरावीक पत्त्यावर चालणारा प्रोग्राम, ३ म्हणजे शेअर्ड ऑब्जेक्ट. त्यापुढचे दोन बाइट प्रोसेसर सांगतात. तिथे ३ई असेल तर एक्स८६-६४, बी७ असेल तर ६४ बिटचा एआरएम.

गोंधळ होतो तो प्रकार ३ पाशी. आजकालच्या बहुतेक लिनक्समध्ये साधे प्रोग्रामसुद्धा मेमरीत कुठेही बसतील असे बांधतात, आणि त्यांच्यावरही ३ हाच आकडा असतो. म्हणूनच ‘फाइल’ या कमांडच्या जुन्या आवृत्त्या अशा प्रोग्रामलाही शेअर्ड ऑब्जेक्ट म्हणायच्या. प्रोग्रामला सुरू करणाऱ्या लोडरचा पत्ता, म्हणजे डिस्कवरचा पाथ, फाइलमध्ये नोंदलेला असतो; तो दिसला की प्रोग्राम, असं काहीजण ठरवतात. पण खुद्द सी लायब्ररीतही तो पत्ता असतो. ती टर्मिनलमधून थेट चालवली, तर आपली आवृत्ती छापून बंद होते. खात्रीची खूण आहे फाइलच्या डायनॅमिक विभागातला, म्हणजे लोडरसाठीच्या नोंदींतला, पीआयई हा फ्लॅग. तो प्रोग्रामवर असतो, लायब्ररीवर नसतो.

[पडद्यावर: ‘रीडएल्फ’ कमांडचा निकाल. एसओनेमची ओळ मोठी होते.]

‘रीडएल्फ’ला डी हा पर्याय दिला, की हाच डायनॅमिक विभाग समोर येतो. वर्गवारीसाठी मी म्हणेन की यातली सर्वात मोलाची ओळ एसओनेमची. डेटा आकसवणारी लिबझेड ही लायब्ररी घ्या. डिस्कवर खरी फाइल एकच, लिबझेड डॉट एसओ डॉट १.३.१. लिबझेड डॉट एसओ डॉट १ ही तिच्याकडे नेणारी लिंक. आकडा नसलेली लिबझेड डॉट एसओ हीसुद्धा लिंकच, पण ती फक्त प्रोग्राम बांधताना लागते आणि डेव्हलपमेंट पॅकेजबरोबर येते. प्रोग्राम चालताना मागतो ते मधलं नाव, आणि तेच लायब्ररीच्या आत एसओनेम म्हणून कोरलेलं असतं.

त्यातला आकडा बदलला, म्हणजे जुन्या प्रोग्रामशी जुळण्याची हमी संपली. लिबएसएसएल या एन्क्रिप्शनच्या लायब्ररीची १.१ आवृत्ती सापडत नाही म्हणून त्याच नावाची लिंक करून ती आवृत्ती ३ कडे वळवणं हा उपाय नव्हे. लोडरला नाव सापडतं, पण आतल्या चिन्हांवरच्या, म्हणजे फंक्शन वगैरेंच्या नावांवरच्या, आवृत्त्या जुळत नाहीत आणि प्रोग्राम तिथेच अडतो. जुनी लायब्ररी मिळवा, नाहीतर प्रोग्राम नव्याने बांधा.

[पडद्यावर: संपादकात उघडलेली एक छोटी मजकूर फाइल.]

ही लिबसी डॉट एसओ. नाव लायब्ररीचं, पण आत मोजक्या ओळींचा साधा मजकूर आहे: खरी फाइल कुठे आहे, हे प्रोग्राम बांधणाऱ्या लिंकरला सांगणारा. चालू प्रोग्रामने ती थेट लोड करायला घेतली, तर ईएलएफ हेडर चुकीचं असल्याची तक्रार येते. फाइल बिघडलेली नसते. ती कधी लायब्ररी नव्हतीच.

विंडोजमध्ये फाइल एमझेड या अक्षरांनी सुरू होते. शून्यापासून मोजल्यास साठाव्या स्थानावर पीई या विंडोजच्या फाइल-स्वरूपाच्या हेडरचा पत्ता असतो. त्या हेडरमधल्या गुणधर्मांत हेक्स २००० हा बिट लागलेला असेल तर ती डीएलएल, म्हणजे विंडोजची शेअर्ड लायब्ररी, मग नावामागे ओसीएक्स असो की सीपीएल. इथे फोल्डरची नावंही चकवतात. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टिम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या सिसवाव६४ मध्ये. चुकीच्या बाजूची डीएलएल प्रोग्रामशेजारी आणून ठेवली, की बहुधा सी०००००७बी हा एरर येतो. मॅकवर मॅक-ओ हेडरमधला प्रकार ६ म्हणजे डायलिब ही मॅकची शेअर्ड लायब्ररी, ८ म्हणजे प्लगइनसारखं बंडल.

[पडद्यावर: पुन्हा टर्मिनल. सिक्युरिटी नावाचं फोल्डर.]

प्लगइनची जात वेगळी, आणि सर्वात जास्त नुकसान इथेच होतं. त्यांच्या नावाला सुरुवातीला लिब नसतं, शेवटी आकडा नसतो, बऱ्याचदा एसओनेमही नसतं. ‘एलडीकॉन्फिग’ने लोडरसाठी बनवलेल्या लायब्ररींच्या यादीत ती दिसत नाहीत. कुठल्याही प्रोग्रामच्या गरजांच्या यादीत त्यांचं नाव येत नाही, कारण प्रोग्राम चालू झाल्यावर ती मागवली जातात. तेव्हा कुणी मागत नाही म्हणून फाइल निकामी, हा निष्कर्ष काढू नका. लॉगिनच्या वेळी पासवर्ड तपासणारी पॅम-युनिक्स डॉट एसओ असा हिशोब करून काढून टाकलीत, तर पुढच्या वेळी लॉगिनच होणार नाही.

आधी मालक शोधा. डेबियन किंवा उबुंटूवर ‘डीपीकेजी’ला मोठ्या एसचा पर्याय, फेडोरावर ‘आरपीएम’ला क्यूएफ. मालक पॅकेज सापडलं, तर फाइलला हात लावू नका, जे करायचं ते पॅकेज मॅनेजरकडून करा. मालक नसलेली, अनोळखी फाइल तपासायला ‘एलडीडी’ ही लागणाऱ्या लायब्ररी दाखवणारी कमांड वापरू नका. काही परिस्थितीत ती समोरची फाइल प्रत्यक्ष चालवू शकते. ‘ऑब्जडम्प’ला पी पर्याय द्या. तो नुसतं वाचतो.

आणि लायब्ररी अपडेट केलीत, तर चालू प्रोग्राम मेमरीतली जुनीच प्रत वापरत राहतात. त्या प्रोसेसच्या मॅप्स फाइलमध्ये लायब्ररीच्या नावापुढे ‘डिलीटेड’ लिहिलेलं दिसेल. ती सेवा रीस्टार्ट करा. तोवर सुरक्षेची दुरुस्ती तिच्यापुरती लागू झालेली नसते.