मागे उभा राहणारा माणूस

निमंत्रणपत्रिकेवर विषय छापलाय 'छोटे देश, मोठे खेळाडू'. हे शीर्षक आपल्या कार्यवाहांचं. मला देशांबद्दल फारसं बोलायचं नाही. एकाच माणसाबद्दल बोलायचंय आणि मुद्दाही एकच मांडायचाय: दोघांच्या खेळात फोटो येतो नेटवर उडी मारलेल्या माणसाचा, पण जोडी चालते ती मागे उभ्या असलेल्या माणसामुळे. त्या माणसाचं नाव राइंडर नुमरडॉर. हॉलंडचा बीच व्हॉलीबॉलपटू. इथे किती जणांनी हे नाव ऐकलंय? हां, एक हात वर झाला. तो माझ्या नातवाचा आहे, आणि त्याला मी काल रात्री पढवून ठेवलंय.

आता तुम्ही सगळे व्हॉलीबॉलवाले. बॉल उचलून देणारा बूस्टर कोण, फटका मारणारा स्मॅशर कोण, हे तुम्हाला सांगणं म्हणजे वेळ घालवणं. पण वाळूवरच्या खेळाचे दोन-तीन नियम सांगतो, कारण पुढचं सगळं त्यांच्यावर उभं आहे. एका बाजूला दोनच खेळाडू. बदली खेळाडू नाही. पाय मुरगळला तर सामना सोडा. मैदान आपल्यापेक्षा थोडं लहान, प्रत्येक बाजू ८ मीटर बाय ८ मीटर, पण आपण ९ बाय ९ मध्ये सहा जण असतो आणि तरी बॉल मधे पडतो. "तुझा, तुझा" म्हणत पडतो! तिथे दोघांनी ६४ चौरस मीटर वाळू सांभाळायची. ब्लॉकला, म्हणजे नेटवर अडवणाऱ्याच्या हाताला, बॉल लागला की तो तीनांतला पहिला टच धरतात, म्हणजे उरले दोनच. आणि आपल्याकडचं लाडकं प्लेसिंग, बोटांच्या टोकांनी हळूच टाकायचं, ते तिथे चालत नाही. बोटं दुमडून मारा, नाहीतर तळहाताने पुरा फटका मारा.

सगळ्यात क्रूर गोष्ट नियमात लिहिलेली नाही. समोरचे सर्व्हिस टाकतात ती दोघांतल्या कच्च्या माणसावर. पहिल्या पॉइंटपासून शेवटच्या पॉइंटपर्यंत त्याच्यावरच. सहा जणांच्या संघात कच्चा माणूस लपवता येतो. १९९८मध्ये तर लिबेरो, म्हणजे फक्त मागे राहून बॉल उचलणारा खास खेळाडू, आणून लपवण्याची अधिकृत सोयच झाली. मारणारा मारतो, उचलणारा उचलतो, प्रत्येकाला एकेक काम. वाळूवर मात्र बैलजोडीसारखं आहे, एक बैल अडला की दुसऱ्याने कितीही ओढलं तरी तास वाकडंच जाणार.

तर नुमरडॉर. जन्म १९७६. हा वाळूवर वाढलेला पोरगा नव्हे, हॉलमध्ये वाढलेला. २०००चं सिडनी आणि २००४चं अथेन्स, दोन ऑलिंपिक तो डच संघातून सहा जणांचा व्हॉलीबॉल खेळला. आणि त्या संघाचं नाव त्या काळात काय होतं हे आमच्या पिढीला विचारा. १९८०च्या दशकाच्या शेवटी आरी सेलिंजर नावाच्या प्रशिक्षकाने डच खेळाडूंना क्लबांमधून बाहेर काढून वर्षभर एकत्र सरावाला बसवलं. क्लबवाले चिडले, स्वाभाविक आहे. १९९२ला बार्सिलोनात रौप्य आलं. १९९६ला अटलांटात योप आल्बेर्डा प्रशिक्षक होता, अंतिम सामना इटलीशी, पाचवा सेट १७-१५, आणि सुवर्ण. त्या सामन्याबद्दल मी तासभर बोलू शकतो. बोलणार नाही. कार्यवाहांचा चेहरा बघतोय मी.

त्या सुवर्णविजेत्या संघात रिचर्ड स्खाउल नावाचा एक जण होता. लेवार्डनचा, दोन मीटरहून उंच, नुमरडॉरपेक्षा तीन वर्षांनी मोठा. अथेन्स झालं तेव्हा नुमरडॉर अठ्ठावीसला टेकलेला, स्खाउल एकतीसचा. आपल्याकडे या वयाचा खेळाडू काय करतो? बँकेत किंवा रेल्वेत नोकरी लागलेली असते, क्रीडा कोट्यातून. पोट थोडं सुटलेलं असतं. रविवारी पंचगिरी करतो. हे दोघं वाळूवर गेले. नवा खेळ, नवा बॉल, कमी हवेचा. पायाखालची जमीन उडी मारताना साथ देत नाही. वारा सर्व्हिस वळवतो. आणि सामना चालू असताना प्रशिक्षक तेव्हा काही सांगू शकत नसे, दोघांनी एकमेकांच्या तोंडाकडे बघायचं.

आणि गंमत बघा, त्यांच्या मागे दार बंदच झालं. डच पुरुषांचा सहा जणांचा संघ अथेन्सनंतर एकाही ऑलिंपिकला पात्र ठरला नाही. हे दोघं मात्र वाळूवरून २००८ला बीजिंगला पोचले. त्याच वर्षी युरोपचे विजेते. २००९ला पुन्हा. २०१०ला पुन्हा. सलग तीन.

इथे मला थोडं विषयांतर करायचंय. वाळूचा विषय निघाला की मला ते केल्याशिवाय राहवत नाही, घरचे साक्षीला आहेत.

काही वर्षांपूर्वी एका जिल्ह्याच्या गावी, नाव घेत नाही, समुद्रापासून भरपूर लांब, एका मंडळाने बीच व्हॉलीबॉलची स्पर्धा ठरवली. कुणीतरी टीव्हीवर बघितलं असणार. मला मुख्य पंच म्हणून बोलावलं. मी फोनवर विचारलं, "वाळूचं काय?" म्हणाले, "सर, वाळूची काळजीच करू नका, आपले कॉन्ट्रॅक्टर आहेत." तेव्हाच माझ्या पोटात गोळा आला. नियम असा आहे की वाळू किमान ४० सेंटीमीटर खोल पाहिजे, चाळलेली, खडे-शिंपले नसलेली. मी गेलो, बघितलं, तर बांधकामाची वाळू! चाळणही मारलेली नाही. खोली म्हणाल तर पायाचा अंगठा रोवला की खाली मुरूम लागतोय. मी म्हटलं, "अहो, यावर पोरं डाइव्ह कशी मारतील?" अध्यक्ष म्हणाले, "सर, डाइव्ह मारायची नाही असा आपण स्थानिक नियम करू."

बरं, वेळ दुपारी एकची, कारण पाहुणे बाराला येणार होते आणि त्यांचा सत्कार आधी. एप्रिल महिना. पोरं मोजे घालून उतरली. पहिल्या सामन्यात एका मुलाने बॉलसाठी झेप घेतलीच, कारण खेळाडू स्थानिक नियम वाचून खेळत नाही, आणि कोपरापासून मनगटापर्यंत सोलून निघाला. मी सामना थांबवला. पाहुण्यांनी माइकवरून त्या मुलाच्या जिद्दीचं कौतुक केलं आणि आयोडीनची बाटली मात्र कुणाकडे नव्हती. शेवटी समोरच्या मेडिकलवाल्याने स्वतः येऊन पट्टी बांधली. तो एकटाच त्या दिवशी कामाचा माणूस होता.

पण खरा किस्सा दुसऱ्या दिवशीचा. सकाळी अंतिम सामन्यासाठी मैदानावर गेलो तर वाळू नाही. मुरूम तेवढा झाडून स्वच्छ. कुणी म्हणे चोरीला गेली, कुणी म्हणे पावती संपली. अंतिम सामना मातीवर झाला, दोघा-दोघांचा, आणि बातमी छापून आली 'बीच व्हॉलीबॉल स्पर्धा उत्साहात संपन्न'. पुढे त्याच रस्त्याने जाताना एक टुमदार बंगल्याचा स्लॅब पडलेला दिसला. मी काही म्हणत नाही. वाळू शेवटी वाळूच.

हसा, हसा. पण मी हे का सांगितलं? कारण डच लोकांनीही गावात वाळू आणून टाकली होती. २०१५ची जागतिक अजिंक्यपद स्पर्धा त्यांच्याकडे झाली. हेग, अॅम्स्टरडॅम, रॉटरडॅम, अपेलडोर्न अशी चार शहरं. त्यांना उत्तर समुद्राचा किनारा काय कमी आहे? तरी अॅम्स्टरडॅमला खेळ भरवला डाम चौकात, राजवाड्यासमोर. हेगला तर संसदेच्या इमारतींना लागून एक तळं आहे, होफफैफर, त्या तळ्यातच स्टेडियम उभारलं. म्हणजे खेळ बघायला लोकांनी किनाऱ्यावर या असं नाही, लोक जिथे आहेत तिथे किनारा नेला. आणि त्यांची वाळू रात्रीतून गेली नाही. एवढंच.

हां, चिठ्ठी आली. 'पाच मिनिटे.' कार्यवाह, मला पाऊण तास सांगितला होता. असो, वाळू मीच खाल्ली, दोष कुणाला देऊ? आता मुद्द्याचं भरभर सांगतो.

मागच्या माणसाचं काम काय असतं? ब्लॉक करणारा नेटवर उभा राहतो आणि पाठीमागे हात नेऊन बोटांनी खूण करतो. एक बोट म्हणजे मी लाइन, कडेचा सरळ फटका, झाकतोय, दोन बोटं म्हणजे तिरका फटका झाकतोय. म्हणजे उरलेलं सगळं मैदान मागच्याचं. पुढचा चुकला तर कुणाला कळत नाही, कारण बॉल त्याच्या हातावरून जातो आणि पडतो मागे. पडताना दिसतो तो मागचा माणूस, वाळूत तोंड घातलेला. बॉल उचललाच तर उठून धावायचं आणि बऱ्याचदा फटकाही त्यालाच मारायचा. पंचाच्या खुर्चीवर बसून इतकी वर्षं बघितलंय, शिट्टी वाजली की प्रेक्षक मागच्यालाच शिव्या देतात.

स्खाउलबरोबर नुमरडॉर मागे होता. २०१२ला लंडनला, हॉर्स गार्ड्स परेडच्या मैदानावर, दोघं उपांत्य फेरीत गेले. स्खाउल तेव्हा एकोणचाळीसचा. इनडोअर आणि बीच, दोन्हींत ऑलिंपिक सुवर्ण मिळवलेला पुरुष जगात एकच आहे, अमेरिकेचा कार्च किराय. त्याने वाळूवरचं सुवर्ण १९९६ला अटलांटात मिळवलं, ज्या ऑलिंपिकमध्ये बीच व्हॉलीबॉल पहिल्यांदा आलं आणि स्खाउलने हॉलमधलं सुवर्ण घेतलं. म्हणजे किरायच्या शेजारी बसायला स्खाउलला दोन विजय कमी पडत होते. उपांत्य सामन्यात जर्मनीच्या ब्रिंक आणि रेकरमन यांनी हरवलं आणि पुढे सुवर्ण तेच घेऊन गेले. कांस्याच्या सामन्यात लॅटव्हियाच्या प्लाविन्श आणि श्मेदिन्श यांच्याशी तीन सेट झाले आणि तेही गेलं. चौथे.

आता माझा पुरावा. स्खाउल थांबला. लोक म्हणाले असतील, संपलं, मोठा खेळाडू तोच होता, सुवर्ण त्याच्याकडे होतं. नुमरडॉरने पुढे उभा करायला क्रिस्तियान वारेनहॉर्स्ट घेतला. १९९०चा जन्म, म्हणजे जवळपास चौदा वर्षांनी लहान, उंची दोन मीटर दहाच्या वर. अनुभव कमी. २०१५ला हेगला त्या तळ्यातल्या स्टेडियममध्ये ही जोडी अंतिम सामन्यात होती. समोर ब्राझीलचे आलिसन आणि ब्रुनो श्मिट. पहिला सेट डचांनी सहज घेतला, दुसरा ब्राझीलने. तिसरा सेट पंधराचा असतो, दोनच्या फरकाने जिंकायचा, तो २२-२० पर्यंत गेला. ब्राझील जिंकलं, आणि पुढच्या वर्षी त्याच जोडीने रिओला सुवर्ण घेतलं. नुमरडॉर तेव्हा अडतीस वर्षांचा होता.

बघा, पुढचा माणूस बदलला. एक तीन वर्षांनी मोठा, एक चौदा वर्षांनी लहान, एक ऑलिंपिक सुवर्णविजेता, एक नवखा. दोघांबरोबर जोडी जगाच्या अगदी वरच्या टोकाला गेली. दोन्ही जोड्यांमध्ये न बदललेली गोष्ट कोणती? मागे उभा राहिलेला माणूस. यावर कुणी म्हणेल की योगायोग. म्हणा. मी नाही म्हणणार.

आणि मिळालं काय? पाच ऑलिंपिक, दोन हॉलमधली, तीन वाळूवरची, आणि पदक एकही नाही. वाळूवरचं डचांचं पहिलं ऑलिंपिक पदक २०१६ला रिओत आलं, कांस्य, ते दुसऱ्या डच जोडीला, अलेक्झांडर ब्राउवर आणि रॉबर्ट मेऊसन. हे दोघं २०१३चे जगज्जेते, तेही डचांसाठी पहिल्यांदाच. त्यांना कमी लेखत नाही मी, उत्तम जोडी. पण दहा वर्षं पुढे चालून ज्याने दाखवलं की हॉलमधून आलेला डच माणूस वाळूवर उभा राहू शकतो, त्याला हुकलं. त्याच रिओत तोही होता, एकोणचाळीसचा, पाचव्या ऑलिंपिकसाठी.

हॉलंड का, त्यांची थंडी, छताखालची वाळू, हे सगळं राहिलं. ते चहाच्या वेळी विचारा.

उठण्याआधी एक सूचना, आणि ही इतिवृत्तात घ्या. आपल्या वार्षिक स्पर्धेत 'उत्कृष्ट स्मॅशर'ला बक्षीस असतं, 'उत्कृष्ट बूस्टर'ला असतं. मागे उभं राहून बॉल उचलणाऱ्याला काही नाही, एक गुलाबाचं फूलसुद्धा नाही. यंदापासून ते सुरू करा. ढाल माझ्याकडून. रोख रक्कम कार्यकारिणीने ठरवावी, पण स्मॅशरपेक्षा एक रुपया तरी जास्त.