उघडं दार : शारदा सदनातल्या एका भांडणाविषयी

मंडळी, मी शाळेची सात वर्षं वसतिगृहात काढली. त्यामुळे एक गोष्ट मला पक्की ठाऊक आहे. वसतिगृह कुणाचं आहे हे दारावरच्या पाटीवरून कळत नाही, ते स्वयंपाकघरावरून आणि दिवेलागणीच्या वेळेवरून कळतं. पंडिता रमाबाईंच्या शारदा सदनाबद्दल, म्हणजे मुख्यतः विधवांसाठी काढलेल्या त्यांच्या निवासी शाळेबद्दल, बोलताना मी म्हणूनच आधी चुलीपाशी जाणार आहे, धर्मांतराकडे नंतर.

आज तारीख 11 मार्च. सदन सुरू झालं 11 मार्च 1889 ला, मुंबईत, गिरगाव चौपाटीजवळ. त्याआधी बरोबर तीन वर्षं, 11 मार्च 1886 ला, फिलाडेल्फियात आनंदीबाई जोशी डॉक्टर झाल्या आणि तो सोहळा बघायला रमाबाई इंग्लंडहून अमेरिकेला गेल्या. गेल्या आणि दोन वर्षांहून जास्त तिथंच राहिल्या. गावोगाव व्याख्यानं दिली, 1887 मध्ये उच्चवर्णीय हिंदू स्त्रीच्या स्थितीवर इंग्रजीत पुस्तक काढलं आणि बोस्टनमध्ये त्यांच्या नावाची संस्था उभी राहिली. संस्थेनं दहा वर्षं पैसे पुरवायचं कबूल केलं. अट एकच : शाळेत धर्म शिकवायचा नाही. रमाबाईंनी ती मान्य केली. त्या स्वतः 1883 मध्येच ख्रिस्ती झालेल्या होत्या, हे ध्यानात ठेवा. सगळं भांडण त्यातूनच निघालं.

सुरुवातीला मुली किती? दोन. एक शारदा गद्रे आणि दुसरी गोदूबाई, माहेरची जोशी, सासरची नातू. गोदूबाई बालविधवा. आठ-नऊ वर्षांची असतानाच नवरा गेलेला. सदनात आली तेव्हा चोवीस-पंचवीस वर्षांची होती. भाऊ नरहरपंत मुंबईत शिकत होता, त्यानंच तिला इथं आणलं. पंचविशीतली बाई बाराखडी गिरवायला बसते, हे चित्र जरा डोळ्यांपुढे आणा. गंमत वाटावी असं त्यात काही नाही, पण धीर लागतो.

आता चूल. ब्राह्मण मुलींचा स्वयंपाक वेगळा, तिथं सोवळंओवळं पाळायची मुभा. रमाबाई त्या पंगतीला बसत नसत, कारण त्यांचा धर्म वेगळा. त्या शाकाहारी होत्या, अंगावर पांढरं लुगडं, पण पान वेगळं. स्वतः उभारलेल्या घरात स्वतःच्याच मुलींच्या पंगतीला बसता येऊ नये! चार वर्षं त्यांनी हे पाळलं. बोस्टनला दिलेला शब्द त्यांनी मोडला असं म्हणणाऱ्यांनी हे ताट विसरू नये.

1890 च्या नोव्हेंबरात सदन पुण्याला आलं. मुंबई महाग होती, हे एक कारण. पण पुणं म्हणजे पुणं. रानडे आणि भांडारकर सल्लागार समितीवर, आणि समोर टिळकांचा केसरी. इथल्या शिंकेचीही बातमी होते.

आणि मग ते दार. रमाबाई मुलगी मनोरमेला घेऊन आपल्या खोलीत रोज प्रार्थना करायच्या. खोलीचं दार लावत नसत. हळूहळू काही मुली आत येऊन बसायला लागल्या. कुणी बोलावलं? कुणीच नाही. पालकांच्या कानावर गेलं, केसरीनं उचलून धरलं आणि 1893 मध्ये रानडे-भांडारकरांनी समितीचा राजीनामा दिला. वीस-पंचवीस मुलींना घरच्यांनी परत नेलं. रमाबाईंचं म्हणणं असं, की माझ्या घरात मी माझ्या देवाची प्रार्थना करते, त्यासाठी दार लावून घेणार नाही आणि येणाऱ्या मुलीला हाकलणारही नाही. बोस्टननं त्यांची बाजू घेतली.

या भांडणात दोन्ही बाजूंना थोडं थोडं खरं होतं, असं मला वाटतं. जिनं जेवू घातलं, शिकवलं, मुलगी म्हटलं, तिच्या खोलीचं दार उघडं असतं तेव्हा ते नुसतं उघडं नसतं, ते ओढतं. माझ्या वसतिगृहात प्रार्थनेची सक्ती नव्हती, पण रेक्टरबाई बसल्या की आम्ही सगळ्या आपोआप बसायचो. सक्ती नसलेल्या गोष्टी कशा होतात, हे वसतिगृहातल्या मुलीला विचारा. पण परत नेलेल्या मुलींचं पुढे काय झालं? ज्या घरांची दारं त्यांच्यासाठी मुळातच बंद होती, तिथंच त्या गेल्या. त्याबद्दल कुणी अग्रलेख लिहिला नाही.

योगायोग बघा. त्याच 1893 साली, पुन्हा 11 मार्चलाच, गोदूबाईंचं लग्न झालं. नवरा भावाचाच मित्र, धोंडो केशव कर्वे. गोदूबाईंच्या आनंदीबाई झाल्या, पुढे सगळ्यांच्या बाया. कर्वे आपल्या गावी, मुरुडला, गेले तर गावानं बहिष्कार घातला. पण 1896 मध्ये त्यांनी विधवांसाठी जो आश्रम काढला, जो पुढे पुण्याजवळ हिंगण्याला गेला, त्याच्या मुळाशी बायांनी सदनात काढलेली वर्षं होती. राहायची सोय, शिक्षण, आणि विधवेनं स्वतःच्या पायावर उभं राहावं ही खटपट, हे सगळं त्यांनी आधी रमाबाईंकडे पाहिलेलं होतं. प्रार्थना तेवढी वगळली. रमाबाईंशी भांडलेल्या पुण्यानं त्यांचं वसतिगृह उचललं, असं मी म्हटलं तर हिंगण्याची मंडळी रागावतील. रागावू देत.

पुढचं थोडक्यात. 1896-97 च्या दुष्काळात रमाबाई मध्य प्रांतात गेल्या आणि तिथून सुमारे तीनशे मुली घेऊन आल्या. पुण्यात प्लेग. म्हणून त्यांना केडगावला, रेल्वेच्या रस्त्यावरच्या आपल्या शेतावर नेलं. 1898 मध्ये तिथं मुक्ती सदन झालं. बोस्टनची दहा वर्षं संपली होती, आता शब्द पाळायचा प्रश्न उरला नव्हता. संस्था उघडपणे ख्रिस्ती झाली. 1900 च्या गुजरातच्या दुष्काळानंतर मुलींची संख्या दोन हजारांच्या घरात गेली. दोघींच्या पंगतीपासून दोन हजारांपर्यंत, अकरा वर्षांत. विहिरी खणल्या, शेती केली, शिवण आणि विणकाम आलं, अंध मुलींसाठी ब्रेल आलं. ते ब्रेल मनोरमा अमेरिकेत शिकून आल्या होत्या.

आणि छापखाना आला. रमाबाई उतारवयात हिब्रू आणि ग्रीक शिकल्या, साध्या बाईला वाचता यावं अशा मराठीत त्यांनी सबंध बायबल आणलं. मनोरमा 1921 मध्ये गेल्या, रमाबाई 5 एप्रिल 1922 ला. पुस्तक 1924 मध्ये बाहेर पडलं. छापलं केडगावलाच, आणि खिळे, म्हणजे छपाईची सुटी अक्षरं, जुळवायला केडगावच्याच मुली. आगगाडीतून उतरल्या तेव्हा त्यांच्यातल्या बहुतेकींना अक्षर ओळख नव्हती, आणि शिशाचा खिळा तर उलटा वाचावा लागतो.