राणीछाप रुपयावरचं कुंकू

नमस्कार श्रोतेहो. आमच्या गावातल्या नाणी जमवणाऱ्या मंडळींनी गेल्या हिवाळ्यात एक लहानसं प्रदर्शन भरवलं. त्यात इंग्रजी अमदानीचा एक फलक होता आणि त्यावर व्हिक्टोरिया राणीचं एकच चित्र मावणार होतं. एकच, बरं का. कोणतं लावायचं यावर तीन बैठका झाल्या.

बाई गादीवर बसली १८३७ साली, वय १८. वारली १९०१ साली, वय ८१. आता या ६३ वर्षांतली कोणती व्हिक्टोरिया खरी? एक जण म्हणाला, विंटरहाल्टरनं १८५९ साली रंगवलेली लावा, राजवस्त्रातली. दुसरा म्हणाला, छे, बसानोनं १८८२ मध्ये काढलेला फोटो. लोकांच्या डोळ्यांपुढे तीच येते, काळ्या कपड्यांतली, गाल उतरलेली. तिसरा तिकीटवाला, म्हणजे पोस्टाची तिकिटं जमवणारा. त्याला १८४० च्या पेनी ब्लॅक या पोस्टाच्या तिकिटावरची कोवळी मान हवी होती. ते तोंड घेतलं होतं १८३७ च्या एका पदकावरून, आणि पुढं राणी पणजी झाली तरी इंग्लंडच्या तिकिटावर ती पोरगीच राहिली. मी गप्प होतो. मला आमची आजी आठवत होती.

लक्ष्मीपूजनाच्या ताटात आमच्याकडे पाच राणीछाप रुपये असायचे. तोळ्याचा एकेक, वाजवला तर खणखणणारा. आजी सव्विसाव्या वर्षी विधवा झालेली. मला आठवते ती लाल आलवणातच. ती पूजेची सगळी तयारी करायची, पण कुंकवाच्या करंड्याला हात लावायची नाही. ते काम माझ्या आईचं.

एका दिवाळीला तिनं रुपया समईपुढं धरला आणि डोळे बारीक करून म्हणाली, "पोलकं भरजरी दिसतंय गं बाईचं. वेलबुट्टी आहे वर."

काका शाळामास्तर. त्यांना राहवेना. म्हणाले, "आई, ती विधवा होती. नवरा गेल्यावर जन्मभर काळे कपडे घातले तिनं. चाळीस वर्षं."

"नवरा कधी गेला?"

"१८६१ च्या डिसेंबरात."

"आणि हा रुपया?"

काकांनी उलटा करून वाचला. १८६२.

श्रोतेहो, नीट ध्यानात घ्या. नवरा गेला १८६१ ला, रुपया १८६२ चा. आजी शाळेत गेलेली नव्हती, पण व्याजाचे हिशेब तोंडी करायची. तिनं रुपया पुन्हा समईपुढं धरला. बराच वेळ.

"म्हणजे हा नवरा गेल्यावरचा."

"हो."

"आणि तरी पोलकं भरजरी."

काका काही बोलले नाहीत. आजीनं रुपया ताटात ठेवला, नीट, तोंड वर करून. म्हणाली, "शिक्क्यावर विधवा कोण ठेवील रे? लक्ष्मी आहे ती." आणि आईला हाक मारली, "सूनबाई, हिला कुंकू लाव."

आईनं बोट टेकवलं. राणीच्या मुकुटाखाली, कपाळावर. आजी बघत राहिली. मी नऊ वर्षांचा होतो. मला त्यातलं काही कळलं नाही, फराळाकडं लक्ष होतं.

जाता जाता एक सांगतो. तुमच्या घरी असे रुपये असतील तर दिवाळीच्या आधी रांगोळीनं घासू नका. काळे पडले तर पडू देत. समया घासा, तांब्या घासा, हवं तर नातवंडांना घासा, पण जुन्या नाण्याला हात लावू नका. दरवर्षी सांगतो, दरवर्षी कोणीतरी आरशासारखा चकाकणारा रुपया घेऊन येतंच.

तर, आजीच्या म्हणण्यात तथ्य होतं. आपल्या रुपयावर ती विधवा कधी आलीच नाही. १८७७ पासून "क्वीन"च्या जागी "एम्प्रेस" आलं, पण बाई तीच, पोलकं तेच, १९०१ पर्यंत. तारखेचीही गंमत आहे. १८६२ हा आकडा तसाच ठेवून टांकसाळीनं पुढं १८७४ पर्यंत रुपये पाडले. म्हणजे आजीचा रुपया राणीला वैधव्य येऊन दहा वर्षं झाल्यावरचाही असेल!

तिकडे इंग्लंडात मात्र १८८७ साली, राज्याच्या सुवर्णमहोत्सवाला, डोक्यावरून ओढणी घेतलेली राणी नाण्यावर आली. त्या ओढणीवर इवलासा मुकुट. तो १८७० मध्ये मुद्दाम करवून घेतलेला, विधवेच्या टोपीवर बसेल असा, जेमतेम ९ सेंटिमीटर रुंद. लोक हसले. मुकुट आता घरंगळतो की मग, असं ते चित्र दिसायचं. सहाच वर्षांत, १८९३ ला, टांकसाळीला चेहरा बदलावा लागला. माझं विचाराल तर तो हसण्याजोगा चेहराच मला सगळ्यांत प्रामाणिक वाटतो. पण माझं विचारतंय कोण?

शेवटी फलकावर बसानोचा फोटो लागला, बहुमतानं. खालच्या काचपेटीत मी आजीचा रुपया ठेवला. आमचा तिकीटवाला भिंग घेऊन वाकला आणि म्हणाला, "अहो, कपाळावरच्या केसांत लाल काहीतरी अडकलंय. मऊ ब्रश आहे माझ्याकडं, काढून देऊ?"

मी पेटीचं झाकण लावून टाकलं.