पुण्याचा मुलगा, शिखांची पलटण आणि आपलं महू

नमस्कार मंडळी. इंदूर, महू, देवास, उज्जैन, जिथे कुठे तुम्ही रेडिओ लावून बसला असाल तिथे सगळ्यांना नमस्कार. आज मी बोलणार आहे जनरल मनोज मुकुंद नरवणे यांच्याबद्दल. आपले 28वे लष्करप्रमुख, 31 डिसेंबर 2019 ला खुर्चीवर बसले आणि 30 एप्रिल 2022 ला रिटायर झाले. आता तुम्ही म्हणाल पुण्याच्या माणसाचं इंदूरला काय, तर थांबा जरा, सांगते. या माणसाची एम.फिल. आपल्या देवी अहिल्या विश्वविद्यालयाची आहे. डिफेन्स अँड मॅनेजमेंट स्टडीज. खंडवा रोडवरून रोज जाणाऱ्या किती लोकांना हे माहीत असेल? मी विचारून बघितलंय, बहुतेकांना नसतं. पोह्यांचा विषय काढा, अर्धा तास बोलतील.

त्या एम.फिल.चं कारण महू. आपल्याला महू म्हणजे पातालपानी धबधब्याच्या वाटेवरचं गाव, बाबासाहेबांचं जन्मस्थान, आणि रविवारी शॉपिंगला इंदूरला येणारे बारीक केस कापलेले फौजी, एवढंच. पण फौजेच्या माणसाला विचारा, त्याच्या करिअरमध्ये महू परत परत येतं. इन्फंट्री स्कूल तिथं, सिग्नलवाल्यांचं कॉलेज तिथं, आणि आर्मी वॉर कॉलेज तिथं, ज्याला जुने लोक अजून कॉलेज ऑफ कॉम्बॅटच म्हणतात. सॅम माणेकशा इन्फंट्री स्कूलचे कमांडंट होते, जनरल सुंदरजी कॉलेज ऑफ कॉम्बॅटचे, दोघंही पुढे लष्करप्रमुख झाले. नरवणे तिथे हायर कमांड कोर्सला विद्यार्थी म्हणून आले आणि नंतर त्याच हायर कमांड विंगमध्ये शिकवायला आले. हा कोर्स कर्नल लोकांचा असतो, म्हणजे ज्यांनी पलटण सांभाळून झालीय आणि ज्यांना पुढे ब्रिगेड, डिव्हिजन द्यायची की नाही हे ठरायचंय असे.

माझ्या मामांचं महूला मेन स्ट्रीटच्या बाजूला टेलरिंगचं दुकान होतं, लहानपणी सुट्टीत आम्ही तिथे पडीक असायचो. मामा माणसाचा चेहरा नंतर बघायचे, आधी कॉलर. कॉलरवर लाल पट्टी असली की कर्नल किंवा त्याच्या वरचा, मग आवाज आपोआप हळू. आणि छातीवरच्या रिबिनी. त्या रंगीत पट्ट्या शिवताना मामा सांगायचे, हा काश्मीरला होता, हा उंचावर राहून आलाय, याला शौर्याचं मिळालंय. अख्खी नोकरी डाव्या खिशाच्या वर चार बोटांत लिहिलेली असते. मला वाटतं नरवण्यांची गोष्ट पण तशीच वाचायला पाहिजे, एकेक पट्टी करून, कारण त्यांच्या करिअरमध्ये एक मोठी लढाई आणि त्यातला हिरो असा सीन नाहीये.

तर सुरुवातीपासून. जन्म 22 एप्रिल 1960. वडील मुकुंद नरवणे एअर फोर्समध्ये विंग कमांडर. आणि आई सुधाताई, हे ऐका मंडळी, आई पुण्याच्या आकाशवाणीवर निवेदिका! म्हणजे आपल्याच बिरादरीच्या. माईकसमोर बसलेल्या माणसाला माहीत असतं की शब्द एकदा तोंडातून गेला की परत येत नाही, घरात तेच बाळकडू मिळालं असणार असं आपलं मला उगाच वाटतं, पुढे या गोष्टीवर मी येणारच आहे. शाळा ज्ञान प्रबोधिनी, मग 1976 ला खडकवासल्याला एनडीए, 56वा कोर्स. याच कोर्समध्ये करमबीर सिंग होते आणि राकेश भदौरिया होते. पुढे एक नेव्हीचा प्रमुख झाला, एक एअर फोर्सचा, आणि नरवणे आर्मीचे, तिघं एकाच वेळी! आणि मजा म्हणजे तिघांचेही वडील एअर फोर्समध्ये. तीन मुलं एकाच मैदानावर रगडा खातात आणि चाळीसेक वर्षांनी तिन्ही दलं त्यांच्याकडे, कादंबरीत लिहिलं असतं तर आपण म्हणालो असतो काहीही हं.

जून 1980 ला कमिशन मिळालं, सातवी बटालियन, सिख लाइट इन्फंट्री. मराठा लाइट इन्फंट्री नाही, सिख. आता हे आपल्या मराठी लोकांना समजावून सांगावं लागतं, कारण आपल्याकडे कुणी चीफ झाला की आपण लगेच फटाके फोडतो, आपला माणूस, आपला माणूस, जनरल अरुण वैद्यसाहेबांनंतर इतक्या वर्षांनी मराठी चीफ. फोडा की, मी पण पेढे वाटले होते. पण पुण्याचा पोरगा त्या पलटणीत गेला की त्याला पंजाबी शिकावी लागते, नुसती कामापुरती नाही, जवान घरच्या भांडणाची गोष्ट सांगतो ती समजेल इतकी. या रेजिमेंटमधले जवान मजहबी आणि रामदासिया शीख, शेतमजुरी करणाऱ्या घरांतून आलेले कितीतरी. फौजेतला रिवाजच आहे की जवानांचा जो धर्म तोच अफसराचा, पलटणीच्या गुरुद्वाऱ्यात डोकं झाकून जवानांबरोबर मांडी घालून बसायचं, लंगर एकत्र. म्हणजे हा माणूस आपला आहेच, पण निम्म्याहून जास्त त्यांचा आहे. कारगिलच्या वेळचे चीफ जनरल व्ही. पी. मलिक पण याच रेजिमेंटचे.

मग पुढे श्रीलंका. ऑपरेशन पवन, आपली शांतिसेना गेली होती ना 1987 ला, ज्याबद्दल घरी कुणी फारसं बोलत नाही, तिथे तरुण नरवणे होते. मग काश्मीर, दुसरी राष्ट्रीय रायफल्स बटालियन कमांड केली, त्यासाठी सेना मेडल. मग 106 इन्फंट्री ब्रिगेड, मग कोहिमाला आसाम रायफल्सचे इन्स्पेक्टर जनरल, मग अंबाल्याची स्ट्राइक कोर, मध्ये तीन वर्षं म्यानमारला आपल्या दूतावासात डिफेन्स अटॅशे, मग दिल्ली एरिया, शिमल्याला ट्रेनिंग कमांड, कलकत्त्याला ईस्टर्न कमांड. ऐकताना दम लागतो ना? आता हे बायकोच्या बाजूने ऐका. वीणाताई स्वतः शिक्षिका, दोन मुली, आणि दर दोन-अडीच वर्षांनी काळ्या ट्रंका बाहेर, त्यावर पांढऱ्या पेंटने नाव आणि नवीन गावाचं नाव, मुलींची नवीन शाळा, नवीन शाळेत हिंदी वेगळी, गणिताचं पुस्तक वेगळं. छातीवरच्या रिबिनींमध्ये याची पट्टी नसते.

बरं, महू. तिथे काय शिकवतात हे बाहेरच्याला कळत नाही, पण थोडं सांगते. एका मोठ्या हॉलमध्ये जमिनीवर वाळूचं मॉडेल करतात, डोंगर, नद्या, पूल, रस्ते सगळं, रंगीत भुसा टाकून. आणि कर्नल लोक भोवती उभे, हातात लांब काठी, आणि समोर शिकवणारा, ज्याला सगळे डीएस म्हणतात, डायरेक्टिंग स्टाफ. डीएस म्हणतो, शत्रूने इथला पूल उडवला, तुमच्याकडे आता दीड ब्रिगेड आहे, पाऊस सुरू झालाय, बोला. कुणी बोलतं, कुणी त्याला कापतं, दोन तास घमासान चर्चा. शेवटी कॉलेजचं ठरलेलं उत्तर वाटलं जातं, पूर्वी ते गुलाबी कागदावर असायचं म्हणून त्याला पिंकच म्हणतात, डीएस पिंक. हुशार अफसर पिंक पाठ करतात. त्याच्याहून हुशार असतो त्याला माहीत असतं की खऱ्या मैदानात पिंक येत नाही.

आणि 2020 मध्ये तेच झालं. चीफ होऊन जेमतेम तीन महिने झाले आणि कोरोना आला, फौजेने ऑपरेशन नमस्ते सुरू केलं, तोपर्यंत ठीक. मे महिन्यात लडाखमध्ये चिनी फौजा पुढे सरकल्याच्या बातम्या यायला लागल्या. 15 जूनच्या रात्री गलवान. 16 बिहार बटालियनचे कर्नल संतोष बाबू आणि त्यांच्यासह आपले 20 जण गेले, गोळी न चालवता, दगड आणि खिळे ठोकलेल्या दांडक्यांनी झालेली मारामारी. चीनने स्वतःचे चार मेले हे फेब्रुवारी 2021 मध्ये, आठ महिन्यांनी कबूल केलं. त्या रात्री सगळ्या देशाचं रक्त खवळलं होतं, आमच्या कॉलनीत चिनी दिव्यांच्या माळा जाळल्या लोकांनी. दिल्लीत बसलेल्या चीफला मात्र खवळून चालत नाही, त्याला हिशोब करावा लागतो की तिथे हिवाळ्यासाठी किती माणसं ठेवायची, त्यांना कपडे, रॉकेल, शेगड्या, निवारा, रेशन हे सगळं बर्फ पडायच्या आत वर कसं पोचवायचं, कारण रस्ते बंद झाले की झाले. साधारण 50,000 जवान त्या हिवाळ्यात तिथे होते. मला विचाराल तर नरवण्यांच्या कारकिर्दीतली सगळ्यात मोठी गोष्ट ही, आणि तिचा फोटो कुठेच छापून येत नाही.

फोटो आला तो 29-30 ऑगस्टच्या रात्रीनंतर. पँगाँग तलावाच्या दक्षिणेला कैलास रांगेवरच्या टेकड्या आपल्या लोकांनी चीनच्या आधी जाऊन धरल्या, रेझांग ला, रेचिन ला, पंधरा हजार फुटांच्या वर, तिथे रणगाडे नेऊन उभे केले. रेझांग ला म्हणजे तेच, जिथे 1962 ला मेजर शैतान सिंग आणि त्यांची 13 कुमाऊँ बटालियनची कंपनी शेवटच्या गोळीपर्यंत लढली होती. आता वरून खाली चिनी छावणी दिसायला लागली म्हटल्यावर बोलणी जरा वेगळ्या आवाजात सुरू झाली. 10 फेब्रुवारी 2021 पासून पँगाँगच्या दोन्ही बाजूंनी फौजा मागे घ्यायला सुरुवात झाली. काही लोक म्हणतात आपण त्या टेकड्या सोडायला नको होत्या, हातातला हुकमाचा पत्ता टाकून दिला. असेलही, मी काही युद्धतज्ज्ञ नाही, पण त्या उंचीवर दुसरा हिवाळा काढणाऱ्या पोराची आई असते तर मी काय म्हटलं असतं हे मला माहीत आहे.

त्याच महिन्यात, 25 फेब्रुवारीला, पाकिस्तानबरोबर नियंत्रण रेषेवर गोळीबार थांबवायचं ठरलं, दोन्हीकडच्या डीजीएमओंनी, म्हणजे लष्करी कारवायांच्या महासंचालकांनी, मिळून निवेदन काढलं. आदल्या वर्षी तिथे 5,000 पेक्षा जास्त वेळा शस्त्रसंधीचं उल्लंघन झालं होतं. दोन मोर्च्यांचं टेन्शन एकाच महिन्यात थोडं कमी झालं. पूंछ, उरीकडच्या गावांतली माणसं शेतात जाऊ लागली, शाळा भरायला लागल्या.

आता तो शब्दांचा मुद्दा. मे 2020 मध्ये नेपाळने सीमेवरच्या लिपुलेख खिंडीकडे जाणाऱ्या आपल्या रस्त्यावर आक्षेप घेतला तेव्हा नरवणे एका कार्यक्रमात म्हणून गेले की हे दुसऱ्या कुणाच्या सांगण्यावरून चाललं असावं. रोख चीनकडे आहे हे शाळकरी पोरालाही कळलं, आणि काठमांडूत फार वाईट वाटलं. आपल्या गोरखा पलटणींमध्ये नेपाळची किती मुलं आहेत! ते बोलणं चीफचं नव्हतं, परराष्ट्र खात्याचं होतं, असं माझं स्पष्ट मत आहे. पण नोव्हेंबरमध्ये स्वतः काठमांडूला गेले आणि तिथल्या राष्ट्रपती विद्या देवी भंडारी यांच्या हातून नेपाळी सेनेच्या मानद जनरलचा मान घेतला. ही 1950 पासूनची दोन्ही सेनांमधली पद्धत आहे, एकमेकांच्या प्रमुखाला आपला मानद जनरल करायचं. रुसवा धरून पद्धत मोडता आली असती, दोघांनीही मोडली नाही.

डिसेंबर 2021 मध्ये कुन्नूरजवळ हेलिकॉप्टर पडलं आणि सीडीएस, म्हणजे तिन्ही दलांचे संरक्षणप्रमुख, बिपिन रावत गेले. तेव्हा तिन्ही दलांच्या प्रमुखांच्या समितीचं अध्यक्षपद नरवण्यांकडे आलं, त्यामुळे बऱ्याच जणांना वाटलं हेच पुढचे सीडीएस. टीव्हीवर रोज तेच. झाले नाहीत. फौजेचा नियम असा की चीफला तीन वर्षं किंवा वयाची 62, जे आधी येईल ते, आणि 22 एप्रिल 2022 ला यांची 62 पूर्ण झाली, तीस तारखेला घरी. आणि गंमत बघा, लेफ्टनंट जनरलची रिटायरमेंट 60 ला असते, म्हणजे डिसेंबर 2019 ला नाव आलं नसतं तर एप्रिल 2020 लाच बाग-बगीचा बघत बसले असते, गलवान दुसऱ्याच कुणाच्या नशिबात असतं.

आणि त्यांनी बॅटन दिली कुणाकडे? जनरल मनोज पांडे, नागपूरचे. एका मराठी मनोजकडून दुसऱ्या मराठी मनोजकडे, एक पायदळाचा, दुसरा इंजिनिअर्सचा, आणि इंजिनिअर्समधून चीफ झालेले ते पहिलेच. हायर कमांड कोर्स त्यांनी पण आपल्या महूलाच केलेला आहे. मामा असते तर म्हणाले असते, दोघांच्या रिबिनी माझ्याकडे यायला पाहिजे होत्या, आणि शिलाईचे पैसे घेतले नसते असं पण म्हणाले असते, जे मला अजिबात खरं वाटत नाही.