कलम १२ : मुलाचा जामीन कशावर ठरतो

खुनाच्या गुन्ह्यात सतरा वर्षांचा मुलगा ताब्यात घेतला की त्याच्या जामीन अर्जात बहुधा हेच वाचायला मिळते : अर्जदार निर्दोष आहे, त्याला गोवले आहे, तो फरार होणार नाही. मोठ्या माणसाच्या अर्जातून उचललेला मजकूर. बाल न्याय मंडळापुढे त्याचा फारसा उपयोग होत नाही, कारण २०१५ च्या बाल न्याय अधिनियमाचे कलम १२ वेगळेच विचारते : हा मुलगा सुटला तर जाणार कुठे, कोणाकडे?

गुन्हा जामीनपात्र असो वा अजामीनपात्र, मुलाला सोडायचे, हा नियम. जामीनदार घेऊन सोडा, जामीनदाराशिवाय सोडा, परिविक्षा अधिकाऱ्याच्या, म्हणजे मुलावर लक्ष ठेवून मंडळाला अहवाल देणाऱ्या अधिकाऱ्याच्या, देखरेखीखाली ठेवा किंवा योग्य व्यक्तीच्या स्वाधीन करा. अडवायला तीनच कारणे आहेत. सुटल्यावर तो एखाद्या ज्ञात गुन्हेगाराच्या संगतीत जाण्याचा संभव असणे, त्याला नैतिक, शारीरिक वा मानसिक धोका असणे, किंवा त्याच्या सुटकेने न्यायाचा हेतूच विफल होणे. कारण लेखी नोंदवायचे, तेही वाजवी आधारावर.

गुन्ह्याचे गांभीर्य या यादीत नाही. पण व्यवहारात ते तिसऱ्या कारणाच्या आडून आत येते. ‘गुन्हा गंभीर, सबब न्यायाचा हेतू विफल होईल’, एवढ्या एका ओळीत अर्ज फेटाळला जातो. ऑगस्ट २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने राजस्थानातील एका प्रकरणात हेच पकडले. मुलगा वर्षाहून अधिक काळ कोठडीत होता आणि परंतुक, म्हणजे जामीन अडवणारी ही तीन कारणे, लागू होते असा निष्कर्ष एकाही आदेशात नव्हता. न्यायालयाने त्याला जामीनदाराशिवाय सोडले आणि परिविक्षा अधिकाऱ्याची देखरेख ठेवली.

आता कागदांकडे या. चोवीस तासांत, प्रवासाचा वेळ वगळून, मुलाला मंडळापुढे हजर करायचे. पोलीस कोठडीत वा तुरुंगात ठेवायचे नाही. मंडळाची बैठक नसेल तर एका सदस्यापुढेही हजर करता येते. वयाचा पुरावा पहिल्याच दिवशी लावा : शाळेचा जन्मतारखेचा दाखला किंवा दहावीचे प्रमाणपत्र, ते नसेल तर नगरपालिकेचा वा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला. हे काहीच नसले तरच हाडांची वैद्यकीय तपासणी.

परिविक्षा अधिकाऱ्याचा सामाजिक तपासणी अहवाल, म्हणजे मुलाच्या घरादाराची माहिती, दोन आठवड्यांत यायचा असतो, आणि जामिनाचे खरे वजन त्यात असते. घरी दिवसा कोण असते, सहआरोपी त्याच गल्लीत राहतो का, शाळा कोणती, हे त्यात हवे. सहआरोपी शेजारीच असेल तर दुसऱ्या तालुक्यातल्या मामाचे किंवा आत्याचे हमीपत्र, पत्त्याचा पुरावा आणि तिथल्या शाळेत प्रवेशाची तयारी जोडा. ‘संगत’ या आक्षेपाला याहून चांगले उत्तर नाही. कोऱ्या फॉर्मवर खुणा करून आलेला अहवाल मात्र तुमच्याविरुद्धच जातो.

जामीन मंजूर होऊनही मुलगा पैशांअभावी निरीक्षणगृहातच, म्हणजे चौकशी चालू असताना मुलांना ठेवतात तिथेच, राहतो, हे फार वाईट. सात दिवसांत अट पूर्ण झाली नाही तर अटी बदलण्यासाठी त्याला मंडळापुढे आणलेच पाहिजे. आठव्या दिवशी अर्ज घेऊन उभे राहा.

सोळा पूर्ण झालेल्या मुलावर किमान सात वर्षे शिक्षेचा गुन्हा असेल तर प्राथमिक मूल्यांकन होते, म्हणजे त्याच्यावर प्रौढासारखा खटला चालवायचा का हे तपासले जाते, मुदत तीन महिने. तोवर जामिनाची सुनावणी थांबवायला कायद्यात आधार नाही. किमान शिक्षा सात वर्षांहून कमी असलेले गुन्हे, सदोष मनुष्यवधासारखे, त्या वर्गात येत नाहीत. सर्वोच्च न्यायालयाच्या ‘शिल्पा मित्तल’ निकालाने, २०२० मध्ये, हे स्पष्ट केले.

पुण्यात १९ मे २०२४ च्या पहाटे एका अल्पवयीन मुलाच्या मोटारीच्या धडकेत दोन तरुण जीव गेले. त्याच दिवशी त्या मुलाचा जामीन झाला, त्यात तीनशे शब्दांच्या निबंधाची अट होती, आणि लोक संतापले. तो संताप मला समजतो. पण २२ मे रोजी, जामीन रद्द न करता, मुलाला निरीक्षणगृहात पाठवले गेले. २५ जूनला मुंबई उच्च न्यायालयाने त्याच कारणाने, म्हणजे जामीन कायम असताना डांबल्यामुळे, त्याला सोडले. आदेश चुकीचा वाटला तर वाट वरच्या न्यायालयात जाते. कलम १०१ खाली तीस दिवसांत अपील, किंवा कलम १०२ खाली उच्च न्यायालयात पुनरीक्षण, म्हणजे आदेशाची फेरतपासणी. आदेशाची प्रमाणित प्रत त्याच दिवशी मागा, मुदत आदेशापासून धावते.